५० किलोच्या गोणीचे घटक २५ आणि ४३: वरचे १८ किलो कुठून आले?

यार्डातला_बाबा (रविवार, रात्री ९.४०)

नमस्कार मंडळी. मी सोलापूरच्या मार्केट यार्डात कांद्याच्या अडतीवर हिशेब लिहितो. बेरीज जुळली नाही की मला झोप लागत नाही, आणि ही बेरीज गेले आठ दिवस जुळत नाहीये.

लेक अकरावी सायन्सला आहे. सध्या सदिशांचे (किती आणि कुठल्या दिशेला, दोन्ही सांगणाऱ्या राशींचे) घटक चालू आहेत. तिला कळावं म्हणून मी आमच्या गाळ्यावरचंच उदाहरण दिलं. ट्रकला फळी लावलीय, फळीचा जमिनीशी कोन ३०°, फळीवर ५० किलोची गोणी. तिनं वहीत मांडलं: उताराच्या दिशेनं ओढणारा घटक ५० गुणिले साइन ३०, म्हणजे २५ किलो. फळीवर दाबणारा घटक ५० गुणिले कोसाइन ३०, म्हणजे ४३.३ किलो. (किलो म्हणजे इथं किलोभार. न्यूटन हवे असतील तर ९.८ नं गुणा, भांडण तेच राहतं.)

मग मलाच म्हणते, "बाबा, घटक म्हणजे भाग ना? २५ आणि ४३ मिळून ६८ झाले. गोणी तर ५० चीच. वरचे १८ किलो कुठून आले?"

मी गप्प. क्लासच्या सरांना विचारलं तर "परीक्षेत हे येत नाही" म्हणाले. वर तिची दुसरी शंका: तिच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या किटच्या खोक्यावर "घटक: रेझिस्टर ४, कपॅसिटर २" असं छापलंय. तिथं घटक म्हणजे हातात धरायची वस्तू. मग एकाच शब्दाचे हे दोन अर्थ कसे? कुणी समजावून सांगेल का?

कडक_भाकरी

तोलाई, हमाली आणि अडत धरून ६८ होत असतील. यार्डातल्या माणसाला हे सांगायला लागावं? :)

त्रिज्या

भाकरी, गप्प बसा जरा.

दादा, मी तीस वर्षं ज्युनियर कॉलेजला हाच विषय शिकवला आणि या जागी दर वर्षी निम्मा वर्ग अडखळायचा. फरक एवढाच की तुमच्या लेकीनं तोंडानं विचारलं, बाकीचे सूत्र पाठ करून पुढं जायचे.

शेंगाच्या चटणीचे घटक शेंगा, लसूण, तिखट, मीठ. प्रत्येकाचं वजन करा, मिळवा, चटणीचं वजन आलं. तिथं घटक आधी होते, चटणी नंतर झाली. गोणीचं तसं नाही. गोणीला पृथ्वी एकाच बळानं ओढते, सरळ खाली, ५० किलोभार. त्याचे दोन तुकडे फळीवर पडलेले नाहीत. आपण त्या एका बळाला दोन वेगवेगळे प्रश्न विचारतो. "उताराच्या दिशेनं तुझं किती चालतं?" उत्तर २५. "फळीच्या आत, काटकोनात किती?" उत्तर ४३.३. दोन प्रश्नांच्या उत्तरांची साधी बेरीज करायचीच नसते.

आता फळी ४५° ला न्या. गोणी तीच, पृथ्वी तीच, पण दोन्ही घटक ३५.४ झाले. फळी काढूनच टाका आणि उभी-आडवी दिशा धरा. उभा घटक ५०, आडवा शून्य. बळ जागचं हललं नाही, घटक दोनदा बदलले. कोणत्या दिशा धरायच्या हे ठरल्याशिवाय घटक जन्मालाच येत नाहीत.

जुळतं ते वर्गांचं गणित. २५ चा वर्ग ६२५, ४३.३ चा वर्ग १८७५ (दशांश सोडून), बेरीज २५००, त्याचं वर्गमूळ ५०. तुमची वही बरोबरच आहे, बेरजेची रीत तेवढी चुकली. वहीत २५ चा बाण काढायला सांगा, त्याच्या टोकापासून ४३.३ चा बाण काटकोनात काढायला सांगा, आणि सुरुवात ते शेवट पट्टीनं मोजू दे. ५० येईल.

शून्य_सावली

ताईंच्या "प्रश्न विचारणे" ला माझी पुस्ती. घटक म्हणजे सावली समजा. सोलापूरचा अक्षांश साधारण १७.७° उत्तर. मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात एका दुपारी सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो आणि सरळ उभ्या काठीची सावली नाहीशी होते. काठी जागेवरच असते, फक्त जमिनीवर पडणारा तिचा भाग शून्य होतो. तीच काठी थोडी कलती केली की सावली लगेच दिसायला लागते. (ऑगस्टच्या सुरुवातीला असा दिवस पुन्हा येतो, पण तेव्हा ढगांतून ऊन शोधावं लागतं.)

कलण्यावरून आणखी एक. आमच्या गड्ड्याच्या यात्रेत सिद्धेश्वराचे सात नंदीध्वज (उंच सजवलेल्या काठ्या) निघतात. ते पेलणाऱ्याला विचारा, उभा ध्वज आणि जरासा कललेला ध्वज यात काय फरक पडतो. नुसता ५° कलला तरी काठीच्या दिशेनं येणारा भार कोसाइन ५, म्हणजे ०.९९६ पट, जवळजवळ होता तेवढाच. पण काठीला आडवा पाडायला बघणारा घटक शून्यावरून ०.०८७ पट झाला. शंभराला नऊच्या आसपास. अंगावरचं ओझं काही वाढत नाही, तरी सगळी धांदल उडते ती या नवाची. कोसाइन सुरुवातीला आळशी आणि साइन सुरुवातीलाच चपळ. हे आलेखापेक्षा पंधरा जानेवारीच्या आसपास रस्त्यावर उभं राहून लवकर कळतं.

पूर्वभागी

धागा काढलाच आहे तर आम्ही धागेवाले बोलणारच. आमच्या घरात तीन पिढ्या माग आहेत, आधी हातमाग, मग पॉवरलूम.

त्रिज्याताई म्हणतात की दिशा आपण ठरवायच्या. कागदावर ठीक आहे. कापडाला मात्र स्वतःच्या दिशा असतात, ताण्याची (उभ्या धाग्यांची) आणि बाण्याची (आडव्या धाग्यांची). घरातली चादर घ्या, उभ्या दोन कडा धरून ओढा. हलणार नाही. आडव्या कडा धरून ओढा, तेच. आता समोरासमोरचे कोपरे धरून तिरकी ओढा. चांगली लांबते आणि मधे अरुंद होते.

का? तिरकी ओढ १० किलोची धरली तर ताण्याच्या आणि बाण्याच्या वाट्याला ७-७ किलो आले. धाग्यांना तेवढं काहीच नाही, एकही धागा लांबत नाही. लांबतं ते विणीतलं चौकोनी घर. त्याचा शंकरपाळा होतो, कारण तिरक्या दिशेला ओढ घ्यायला धागाच नाही, आणि उभा-आडवा जिथं एकमेकांवरून जातो तिथं कोन बदलायला मोकळीक आहे. शिंपी तिरका कापलेला कपडा अंगाबरोबर बसतो म्हणतात, ते यामुळंच.

म्हणून मला वाटतं, अक्ष कुठलेही चालतात, पण शहाणा माणूस समोरच्या वस्तूला विचारून घेतो. गोणीच्या गणितात फळीनं दिशा ठरवल्या, कारण गोणी फळीच्या आत जाऊ शकत नाही, खाली घसरू शकते.

त्रिज्या

पूर्वभागी, हे मी वर्गात सांगायला हवं होतं. सोलापुरात राहून तीस वर्षं चादर अंगावर घेतली आणि उदाहरण दिलं ते लॉनवरच्या रोलरचं. जो आमच्या कॉलेजात कुणी पाहिलेला नव्हता.

काटेकोर

दोन गोष्टी नजरेआड होताहेत. वर्गांची बेरीज जुळते ती दोन दिशांमध्ये काटकोन असेल तरच. काटकोन नसेल तर "त्या दिशेची सावली" आणि "त्या दिशेचा घटक" या दोन वेगळ्या गोष्टी होतात.

दहा किलोची बादली दोन माणसांनी दोन दोरांनी धरलीय, प्रत्येक दोर उभ्या रेषेशी ६०° नं कललेला. दोराच्या दिशेनं वजनाची सावली काढली तर १० गुणिले कोसाइन ६०, म्हणजे ५ किलो. पण दोरात ताण मोजायचा काटा लावून बघा. प्रत्येकात पूर्ण १० किलो ताण दिसेल! कारण दोन्ही दोरांनी मिळून, टोकाला टोक लावून, ते वजन उभं करायचंय. दोघांनी लांब लांब उभं राहून बादली धरली की हात का भरून येतात, त्याचं कारण हे. जवळ या, भार निम्मा होतो.

तेव्हा मुलीला सांगा, काटकोनाच्या गणितात घटक आणि प्रक्षेप (म्हणजे ही सावली) एकच असतात म्हणून चालून जातं. पुढं नाही चालत.

कडक_भाकरी

"लांब लांब उभं राहिलं की भार वाढतो." बायकोला दाखवतो हा प्रतिसाद.

वायरमन_अण्णा

गणितातलं मला फार कळत नाही, पण हे ६८ चं प्रकरण मी रोज बघतो. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत मोटारी अन् पॅनल बघायचं काम आहे माझं.

सिंगल फेजची मोटार, शेजारी कपॅसिटर जोडलेला. मोटारीच्या वायरला टाँग टेस्टर (वायरीभोवती धरून करंट मोजायचं मीटर) लावलो, ५ अँपिअर. कपॅसिटरच्या वायरला लावलो, ३ अँपिअर. हेल्पर पोरगं म्हणतंय, "अण्णा, मेनला ८ येणार की." मेनची वायर धरलो तर ४! पोरगं टेस्टर बदलून आणलं बे. पुन्हा ४. (आकडे सोपे करून सांगतोय, पॉइंटात इकडंतिकडं.)

यार्डातल्या बाबांचे १८ वाढले, माझे ४ कमी झाले. भानगड एकच आहे.

मोटारीच्या ५ अँपिअरमध्ये ४ काम करणारे अन् ३ नुसते ये-जा करणारे. ४, ३, ५. काटकोन त्रिकोण शाळेतला. कपॅसिटर पण ३ ये-जा करणारे घेतो, पण उलट्या वेळेला. मोटारीचे आत येतात तेव्हा कपॅसिटरचे बाहेर जातात. ते दोघं आपापसात देवाणघेवाण करतात, मेनवरून फक्त कामाचे ४ येतात. वायरीत जळणारी वीज करंटच्या वर्गावर असते, म्हणजे २५ च्या जागी १६. कपॅसिटरच्या एका चाळीसेक मायक्रोफॅरॅडच्या डब्यानं एवढं होतं. मालकाला बिलातला पॉवर फॅक्टर (एकूणात कामाचा वाटा किती, इथं ५ त ४) दाखवलो की मग तो डब्याचे पैसे देतो.

शेंगदाणा

अण्णा "लावलो", "दाखवलो" म्हणाले आणि मी पुण्यात बसून घरी पोचलो. पुण्यात असं बोललं की लोक व्याकरण शिकवतात.

यार्डातला_बाबा

अण्णा, ५ आणि ३ चे ४ झाले हे वाचून लेकीनं वही उघडलीय. पण ती विचारते, गोणीला दिशा होती. करंट तर वायरीतून पुढं-मागं जातो, त्याला काटकोन कुठला?

त्रिज्या

जागेतला काटकोन नव्हेच, वेळेतला आहे. आपली वीज सेकंदाला ५० वेळा फिरून जाग्यावर येते, एक फेरा २० मिलिसेकंदांचा. पूर्ण फेरा ३६०° धरला तर पाव फेरा म्हणजे ५ मिलिसेकंद म्हणजे ९०°. मोटारीच्या कॉइलचा ये-जा करणारा करंट व्होल्टेजच्या पाव फेरा मागं, कपॅसिटरचा पाव फेरा पुढं. एक खाली काढलेला बाण, एक वर काढलेला. कामाचा करंट आडवा. मग बाणांची बेरीज गोणीसारखीच.

एसी, म्हणजे पुढं-मागं जाणाऱ्या विजेची सर्किटं अशी सोडवायची रीत चार्ल्स स्टाइनमेट्झनं १८९३ साली शिकागोच्या वीज परिषदेत मांडली, काल्पनिक संख्या वापरून. त्याआधी इंजिनियर लोक प्रत्येक सर्किटसाठी कॅल्क्युलसची समीकरणं सोडवत बसायचे. गोणीचं गणित खूपच जुनं, उतारावरच्या वजनाचा हिशेब सिमॉन स्टेव्हिननं १५८६ साली छापला. सदिश हा विचार यांच्या मधला, हॅमिल्टनच्या १८४३ च्या कामातून निघालेला, आणि गिब्ज-हेविसाइडनी पुढं सुटसुटीत केलेला. हेविसाइड तर टेलिग्राफवाला माणूस. म्हणजे सदिश आणि तारा यांची सोयरीक आमच्या सिलॅबसमध्ये नसली तरी इतिहासात आहे.

निवृत्त_उच्चदाब

वेळेतल्या कोनाचं सोलापूरचंच मोठं उदाहरण द्यायला हवं. दक्षिणेचं ग्रिड (विजेच्या लाइनींचं जाळं) उरलेल्या देशाशी आधी फक्त डीसी, म्हणजे एकाच दिशेनं वाहणाऱ्या विजेच्या दुव्यांनी जोडलेलं होतं. ३१ डिसेंबर २०१३ ला रायचूर-सोलापूर ही ७६५ केव्हीची लाइन चालू झाली आणि दोन्हीकडचं चक्र एका लयीत आलं. जोडायच्या आधी दोन्ही टोकांची वारंवारता आणि कोन जुळवावा लागतो. जोडल्यावर कामाची वीज किती आणि कुणाकडून कुणाकडं जाणार हे मुख्यतः दोन टोकांच्या व्होल्टेजमधल्या कोनावर ठरतं, आणि ये-जा करणारी वीज मुख्यतः व्होल्टेजच्या कमी-जास्त असण्यावर. अण्णांच्या टाँग टेस्टरमधले ४ आणि ३ च, फक्त आकड्यांना खूप शून्यं.

यार्डातला_बाबा

दुसरी शंका राहिली मंडळी. खोक्यावरचा घटक.

शेंगदाणा

भाषेपुरतं मी सांगतो. घटक म्हणजे घडवणारा. शेंगा चटणी घडवतात, रेझिस्टर-कपॅसिटर सर्किट घडवतात, दोन बाण टोकाला टोक लावले की तिसरा घडतो. शब्द चुकलेला नाही, घडवण्याची रीत तिन्हीकडं निराळी आहे. इंग्रजीतल्या कंपोनंटचंही मूळ तेच, लॅटिनमधलं "एकत्र मांडणे". त्यांच्याही पोरांचा असाच गोंधळ होत असणार.

वायरमन_अण्णा

खोक्यातला घटक हातात येतो खरा, पण तो पण खोक्यावर लिहिल्याएवढा सरळ नसतो. तार गुंडाळून केलेला रेझिस्टर घ्या, गुंडाळी म्हणजे कॉइलच झाली की. ट्यूबलाइटच्या चोकला आपण कॉइल म्हणतो, पण त्याच्या तांब्याला रेझिस्टन्स आहेच. कागदावर काढलेली चिन्हं एकेक गुणाची, दुकानातली वस्तू सगळे गुण थोडे थोडे घेऊन येते.

बाबा, तुमच्याकडं जुनी चोकवाली ४० वॅटची ट्यूब आहे का? एलईडीवाली नको. रविवारी येतो मी. सप्लाय २३० असला तर ट्यूबवर १०० च्या पुढं अन् चोकवर २०० च्या जवळ दिसतात, बेरीज ३०० होते. पोरीला तेच दाखवू. मीटर मी लावणार, तिनं फक्त आकडे लिहायचे, हात लावायचा नाही.

यार्डातला_बाबा (पुढचा रविवार, रात्री १०.१५)

अण्णा सकाळी येऊन गेले. माळ्यावरची जुन्या ट्यूबची पट्टी काढली, चालली. लेकीच्या वहीतले आकडे: मेन २३१ व्होल्ट, ट्यूब १०४, चोक १९६, करंट ०.४३ अँपिअर.

साधी बेरीज ३००. ती हसली, म्हणाली आता फसणार नाही. वर्गांची बेरीज केली, १०८१६ आणि ३८४१६, वर्गमूळ २२२. पण मीटर २३१ दाखवतो. ९ व्होल्ट कमी. आता घरात दोघांनाही झोप नाही.

काटेकोर

ट्यूबच्या व्होल्टेजचा आकार स्वच्छ लाट नसतो, चौकोनाकडे झुकलेला असतो. साधा मीटर अशा लाटेवर थोडा चुकतो. पण सगळे ९ त्यात जात नसावेत. चोकचा बाण ट्यूबच्या बाणाशी काटकोनात आहे असं कुणी सांगितलं?

त्रिज्या

दादा, तिला एवढाच प्रश्न द्या: चोकच्या १९६ मधला काही भाग ट्यूबच्याच दिशेनं असेल, तर तो किती असला की मेन २३१ येईल? उत्तर सांगू नका.

यार्डातला_बाबा

अर्ध्या तासात आली. ट्यूबच्या दिशेनं चोकचा घटक साधारण २० व्होल्ट, काटकोनातला १९५. मग आडवे १०४ आणि २० मिळून १२४, उभे १९५, वर्गमूळ २३१. बरोब्बर.

आणि स्वतःच म्हणाली, "म्हणजे चोक हा खोक्यावरचा एक घटक, पण वहीतले दोन." ०.४३ नं २० ला गुणून साडेआठ वॅट काढले, मग बंद केलेल्या पट्टीच्या चोकला हात लावून आली. गरम होता.

अण्णा जाताना चोक सुटा करून मीटरनं नुसता रेझिस्टन्स बघून गेले होते, ३८ ओहम. तिनं ०.४३ नं गुणलं तर १६ व्होल्टच येतात. उरलेले चार कुठं गेले म्हणते.

वायरमन_अण्णा

तांब्यात १६, बाकी लोखंडात. चोकच्या आत पत्र्याच्या पातळ पट्ट्या रचलेल्या असतात, एकसंध ठोकळा नसतो. का ते दाखवतो, एक जळका चोक फोडायला ठेवलोय दुकानात. शनिवारी घेऊन या तिला.